वऱ्हाडाची वही

मुलांनो, लग्न म्हटलं की तुम्हांला काय आठवतं? जिलबी आठवते, मठ्ठा आठवतो, बँडपुढे घामाघूम होऊन नाचणारे काका आठवतात. पण आपण त्या लग्नाला गेलो कसे आणि रात्री घरी परतलो कसे, हे काही आठवत नाही. खरं ना? गाडी आली, बसलो, उतरलो. संपलं!

पण ती गाडी आपोआप येत नाही, बरं का! तिच्यापायी कुणीतरी महिनाभर डोकं खाजवलेलं असतं. माझ्या भाचीच्या लग्नात हे काम माझ्याकडे आलं होतं. मुलीचा मामा ना मी! तेव्हा जे पाहिलं, ते तुम्हांला सांगावंसं वाटतं. कारण त्या कामात माझा सगळ्यात मोठा आधार कोण होता, ठाऊक आहे? तुमच्याच वयाची, आठवीत शिकणारी माझी लेक.

लग्नाला निघालेल्या माणसांना आपल्याकडे वऱ्हाड म्हणतात. पूर्वी वऱ्हाड बैलगाड्यांतून निघायचं. मग १ जून १९४८ या दिवशी पुण्याहून अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, पहिली एसटी धावली आणि हळूहळू वऱ्हाडं एसटीत बसू लागली. औरंगाबादचे, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरचे, प्राध्यापक लक्ष्मण देशपांडे यांनी तर ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या आपल्या एकपात्री प्रयोगात खेड्यातलं वऱ्हाड थेट विमानात बसवलं. त्यातली ५२ पात्रं ते एकटेच उभी करायचे. ५२ माणसं म्हणजे एक भरलेली एसटीच की! फरक एवढाच, की त्यांचं सगळं वऱ्हाड एका माणसात मावत होतं. आमचं कशातच मावेना.

तुम्ही म्हणाल, पिंपरी-चिंचवडला राहून गाड्यांची कसली आलीय अडचण? बरोबर आहे तुमचं. महाराष्ट्रातली कितीतरी वऱ्हाडं आमच्या या पट्ट्यात जन्मलेल्या गाड्यांतून फिरली आहेत. आकुर्डीच्या बजाज टेम्पो कंपनीची मॅटाडोर तुमच्या आईबाबांना विचारा, लगेच आठवेल. ‘टेम्पो’ हे खरं म्हणजे एका जर्मन गाडीचं नाव. आकुर्डीला तयार होणाऱ्या तीनचाकींमुळे ते एवढं रुळलं, की आपण कुठल्याही मालवाहू गाडीला टेम्पो म्हणू लागलो. पुढे २००५ साली कंपनीनंच नाव बदलून फोर्स मोटर्स केलं, पण आपला ‘टेम्पो’ काही सुटला नाही! १९९४ साली टेल्कोची सुमो आली. हे नाव जपानी पैलवानांवरून पडलं असं पुष्कळांना वाटतं. पण ते आहे टेल्को नावारूपाला आणणाऱ्या सुमंत मुळगावकरांचं. सुमंतमधला ‘सु’ आणि मुळगावकरमधला ‘मु’, इंग्रजीत लिहिताना त्याचा झाला ‘मो’.

पण गाड्या बनवणाऱ्या गावात ऐन लग्नसराईत गाडी मिळेलच असं नाही. मुहूर्त एक आणि त्या मुहूर्तावर लग्नं ढीगभर!

लग्न आळंदीला करायचं ठरलं होतं. आळंदी म्हणजे ज्ञानेश्वर माउलींच्या समाधीचं गाव. तिथे मंगल कार्यालयं आणि धर्मशाळा पुष्कळ. कमी खर्चात, साधेपणानं लग्न लावायचं म्हणून लांबलांबची माणसं आळंदीला येतात. शिवाय चाकण एका बाजूला, पिंपरी-चिंचवड दुसऱ्या बाजूला, त्यामुळे आम्हांला ती मध्यावरच.

गुरुजींनी पहिला मुहूर्त काढला तो तुळशीच्या लग्नानंतर काही दिवसांनी. सगळे खूश झाले. माझी लेक मात्र भिंतीवरच्या कॅलेंडरपाशी जाऊन उभी राहिली आणि म्हणाली, “बाबा, तेव्हा तर आळंदीची यात्रा आहे!”

खरंच की! कार्तिक वद्य एकादशीला आळंदीला लाखो वारकरी येतात. त्रयोदशीला माउलींचा समाधी सोहळा असतो. त्या दिवसांत गावात गाड्यांना बंदी असते, रस्ते वळवलेले असतात आणि धर्मशाळा वारकऱ्यांनी भरलेल्या. नवरदेवाला घोड्यावरून नव्हे, गर्दीच्या डोक्यावरून न्यावं लागलं असतं! मुहूर्त मग माघातला धरला. मंगळवार, संध्याकाळी सहा वाजून पंचवीस मिनिटं, गोरज मुहूर्त. “गुरुवार नाही का मिळाला?” असं चार जणांनी तरी विचारलं. भोसरी-पिंपरीकडच्या बऱ्याच कारखान्यांना साप्ताहिक सुट्टी गुरुवारी असते ना! पण पंचांगाला पाळ्या थोड्याच कळतात?

मग लेकीनं एक शंभर पानी वही घेतली. वर लिहिलं, ‘वऱ्हाडाची वही’. खाली तीन रकाने आखले. नाव, कुठून येणार, येताना कुठली गाडी. आणि आम्ही माणसं मोजायला बसलो. चिंचवड-निगडीचे शेजारी आणि कंपनीतले लोक २४. पुण्याचे पाहुणे १४. माझ्या मेव्हण्यांच्या गावचे ४१. घरची आम्ही १३. एकूण किती झाले? करा बेरीज! ९२. नवऱ्याकडची मंडळी त्यांच्या गाड्यांनी येणार होती, म्हणून बरं.

“एकच बस करा आणि दोन फेऱ्या मारा,” एका काकांनी सल्ला दिला. ऐकायला स्वस्त वाटतं, नाही का? पण आता हिशेब पाहा. चिंचवडहून आळंदीला संध्याकाळच्या गर्दीत एक तास. परत यायला एक तास. पुन्हा जायला एक तास. म्हणजे दुसऱ्या फेरीची माणसं पहिल्या फेरीनंतर दोन तासांनी पोचणार. निम्म्यांच्या अक्षता बसमध्येच राहिल्या असत्या.

दुसरे एक जण म्हणाले, “पोरांना माझ्या छोट्या हत्तीत घाला की! उभी राहतील.” छोटा हत्ती म्हणजे टाटा एस, २००५ साली आलेली चिमुकली मालवाहू गाडी. पोरं आनंदानं उड्या मारू लागली. पण मुलांनो, हे नीट लक्षात ठेवा. मालवाहू गाडीत माणसं भरून न्यायला कायद्यानं मनाई आहे आणि ती उगाच नाही. त्या गाडीत माणसाला बसायला आसन नसतं, धरायला दांडी नसते. गाडी कलंडली की आतली माणसं पोत्यांसारखी बाहेर फेकली जातात. वऱ्हाडाच्या ट्रकला आणि टेम्पोला अपघात झाल्याच्या बातम्या दर लग्नसराईत आपण वाचतो. त्या गाड्यांत बसलेलेही सगळे हसतखेळतच निघालेले असतात. मेव्हण्यांनी त्या गृहस्थांना हात जोडले आणि म्हणाले, “दादा, तुमचा हत्ती हवाच आहे. पण रुखवतासाठी आणि भांड्यांसाठी.” त्यांचाही मान राहिला.

गावच्या ४१ जणांसाठी राजगुरुनगरच्या आगारातून एसटी घेतली. लग्नासाठी अख्खी एसटी भाड्यानं मिळते, त्याला ‘प्रासंगिक करार’ म्हणतात. आता राहिले चिंचवडचे २४ आणि पुण्याचे १४. पुण्याच्यांनी मेट्रोनं पिंपरीपर्यंत यायचं आणि तिथून आमच्या बसमध्ये चढायचं असं ठरलं. ही मेट्रो पिंपरीला २०२२ साली सुरू झाली आणि २०२३ साली शिवाजीनगरपर्यंत पोचली, तेव्हापासून पुण्याच्या पाहुण्यांची मोठीच सोय झाली आहे.

पण ही ‘आमची बस’ होती कुठे?

ती सापडली मेव्हण्यांच्या कंपनीच्या गेटवर. तुमच्यापैकी पिंपरी-चाकणकडच्या मुलांनी कंपनीच्या बसगाड्या पाहिल्या असतील. पहाटे अंधारात चौकाचौकांत डबा घेतलेली माणसं उभी असतात, ती याच बसची वाट पाहत. पहिल्या पाळीची माणसं या बसनं साडेचारला निगडीत उतरत. मग रात्री अकराला दुसरी पाळी सुटेपर्यंत बस उभीच. त्या मधल्या वेळात ती भाड्यानं द्यायला ठेकेदार तयार झाले. मी परमिट पाहिलं, विम्याचा कागद पाहिला. पिवळ्या पाटीची, प्रवासी भाड्याची गाडी होती. ४० आसनं. आमची माणसं ३८. मला तर हर्षवायूच व्हायचा बाकी राहिला!

तेवढ्यात ड्रायव्हरकाका बोलले. बीडकडचे होते ते.

“मामा, गाडी देतो. पर नऊ म्हंजी नऊ. नऊला आळंदी सोडायची. तुमची मान्सं पिंपरी-चिंचवडला उतरवून मला निगडी, तळवडं, म्हाळुंग्यावरून पावणेअकराला गेटवर लागायचंय. आठ तास उभं ऱ्हाऊन काम केलेली मान्सं असत्यात ती. गाडी त्यांची हाय. तुमी मधल्या वेळात वापरताय.”

गाडी त्यांची आहे! लेकीनं वहीत मोठ्या अक्षरांत लिहिलं, ‘बस क्र. १, आळंदीहून ९ वाजता.’ आणि खाली दोनदा रेघ मारली.

पुढच्या रविवारी आम्ही आमंत्रणं द्यायला मेव्हण्यांच्या गावी गेलो. राजगुरुनगरहून वाड्याकडे, भीमाशंकरच्या वाटेनं जायचं. मोठ्या रस्त्यावर गाव आणि तिथून वर दोन किलोमीटरवर वस्ती. वस्तीवर थोरली आजी राहते, माझ्या भाचीच्या आजीची जाऊ. वय ऐंशीच्या पुढे. भाचीच्या बाबांना लहानपणी हिनंच सांभाळलेलं. आम्ही पत्रिका ठेवली, तर ती हात हलवून म्हणाली, “मला नका नेऊ रं. मी हितूनच टाकीन अक्षता.”

सगळ्यांना वाटलं, थकलीय बिचारी. मेव्हणे गप्प बसले. माझ्या लेकीनं मात्र सरळ विचारलं, “आजी, तुम्हांला यायचंच नाही का?”

“यायचं हाय की गं पोरी! पर माघारी कोन आनतंय?”

मग कळलं. काही वर्षांपूर्वी आजी अशाच एका लग्नाला गेली होती. नेताना गाडी थेट दारात आली. येताना रात्र झाली, गाडीवाला वस्तीवर चढायला तयार होईना. त्यानं तिला फाट्यावर उतरवलं. अंधारात दोन किलोमीटरचा चढ कसा चढणार? आजी फाट्यावरच्या शेडात बसून राहिली, उजाडेपर्यंत. एकटी. “तव्हापासून म्या लग्नाला जातच न्हाई,” ती म्हणाली. अगदी सहज म्हणाली, तक्रार म्हणून नाही.

परत येताना गाडीत लेक बराच वेळ बोलली नाही. घरी आल्यावर तिनं वही काढली, पट्टी घेतली आणि प्रत्येक पानावर चौथा रकाना आखला. ‘जाताना कुठली गाडी.’ पहिलं नाव लिहिलं थोरल्या आजीचं. येताना सुमो, वस्तीवरच्या दारातून. जाताना सुमो, वस्तीवरच्या दारापर्यंत. गावातल्या एकांची जुनी सुमो होती, ती आम्ही फक्त आजीसाठी आणि तिच्यासोबतच्या दोघींसाठी ठरवली. सुमोची पायरी उंच, म्हणून शेजारी लिहिलं, ‘लाकडी पाट’.

चौथा रकाना भरायला बसलो तेव्हा कळलं, की येण्यापेक्षा जाणंच अवघड आहे. येताना सगळे एका वेळी येतात. जाताना कुणाला शेवटची मेट्रो गाठायची असते, कुणाला पहाटेची पाळी असते, कुणाच्या कडेवर झोपलेलं बाळ असतं. आम्ही घरच्या १३ जणांसाठी १७ आसनांची गाडी केली होती. ती पाठवणी झाल्यावर सर्वांत शेवटी निघणार होती. तिच्यातल्या चार रिकाम्या जागांपुढे लेकीनं लिहिलं, ‘राखीव’.

माणसं चुकू नयेत म्हणून युक्ती आळंदीनंच शिकवली. पालखी सोहळ्यात लाखो माणसं चालतात, तरी बहुतेकांना आपलं ठिकाण ठाऊक असतं. कारण दिंड्यांना क्रमांक असतात. रथापुढच्या दिंड्या वेगळ्या, रथामागच्या वेगळ्या. ‘रथामागे अमुक नंबरची दिंडी’ एवढं सांगितलं की हरवलेला माणूस नेमका पोचतो. सोहळ्याला ही शिस्त लावण्याचं श्रेय हैबतबाबा आरफळकरांना देतात आणि तिला दोनशे वर्षं होत आली. आम्हीही गाड्यांना क्रमांक दिले, काचेवर मोठे आकडे चिकटवले आणि प्रत्येक गाडीला एकेक प्रमुख नेमला. बस क्रमांक एकची प्रमुख अर्थातच वहीवाली!

लग्नाचा दिवस उजाडला. पाचला बस निगडीहून निघाली आणि सहाला आळंदीत हजर. एसटी त्याआधीच आली होती. सुमोतून पाटावर पाय ठेवून थोरली आजी उतरली, तेव्हा भाचीचे बाबा मुंडासं सावरत धावले आणि तिथेच, रस्त्यावरच, तिच्या पाया पडले.

आणि मग व्हायचं तेच झालं. सहा पंचवीस झाले, नवरदेव अजून बँडमागेच! पावणेसात. सात. सव्वासातला अक्षता पडल्या. आता आधी वरपक्षाची पंगत बसणार, मग आपली. म्हणजे नऊ कसले वाजतात, साडेदहा होणार. कुणी म्हणालं, “ड्रायव्हरला शंभराची नोट द्या, थांबेल तासभर.” लेकीनं माझ्याकडे पाहिलं. तिच्या वहीत दोन रेघा मारलेल्या होत्या ना!

मुलांनो, लग्नात मुलीकडच्यांनी वरपक्षापुढे काही मागणं फार अवघड असतं. का असावं, हे तुम्ही मोठे व्हाल तेव्हा जरूर बदला. मी व्याह्यांकडे गेलो आणि सरळ सांगितलं. बस नऊला निघाली नाही, तर रात्री अकराला चाकणच्या गेटवर दुसऱ्या पाळीची माणसं ताटकळतील.

व्याही थोडा वेळ काहीच बोलले नाहीत. मग विचारलं, “किती माणसं आहेत बसची?”

“अडतीस.”

“मग आमच्याच पंगतीत बसवा. जागा होईल. मांडी जरा आखडून बसू.”

झालं! दोन्हीकडची माणसं एका पंगतीत बसली. आमच्या शेजारच्या काकूंना तर त्याच पंगतीत व्याह्यांकडची कुणी माहेरची मैत्रीण भेटली.

पावणेनऊला मी भाचीपाशी होतो. मामाला तिथून हलता येत नाही. बसच्या दारात लेक उभी राहून एकेक नाव वाचत होती. सदतीस नावांना ‘ओ’ आली. अडतिसाव्याला नाही. शेजारचे एक काका जेवून समाधीच्या दर्शनाला गेले होते. मोबाइल लावला, तर तो वाजत होता बसमधल्याच त्यांच्या पिशवीत! “पाचच मिनिटं थांबू,” सगळे म्हणू लागले. काकूही रडवेल्या झाल्या. लेकीनं वही उघडून त्यांना दाखवली. “काकांची जागा शेवटच्या गाडीत आहे, हे बघा, राखीव. आम्ही त्यांना घेऊन येऊ. तुम्ही थांबता का त्यांच्यासाठी? तुमचीही जागा आहे.” काकू उतरल्या. काचेवर थाप पडली. नऊ वाजून दोन मिनिटांनी बस निघाली.

वीस मिनिटांनी काका आले, हातात प्रसादाचा पुडा. बस गेलेली पाहून चिडले. मग वहीत आपलं नाव वाचलं आणि गप्प झाले. साडेअकराला आमच्याबरोबर घरी निघाले, प्रसाद त्यांनीच सगळ्यांना वाटला.

दहा वाजून चाळीस मिनिटांनी ड्रायव्हरकाकांचा फोन आला होता. “गेटवर लागलो, मामा.” आणि त्यानंतर थोड्याच वेळात सुमोवाल्यांचा. आजी दारात उतरल्या, दिवा लावला, मगच आम्ही निघालो. लेकीनं चौथ्या रकान्यात ‘थोरली आजी’ या नावापुढे बरोबरची खूण केली.

तुमच्या घरी आता लग्न निघालं, तर मोठी माणसं हॉल बघतील, दागिने बघतील, आचारी बघतील. तुम्ही एक वही घ्या. चार रकाने आखा. गाडीत आसनं किती ते मोजा आणि त्याहून जास्त माणूस चढू देऊ नका. गाडीला पिवळी पाटी आहे का बघा. ड्रायव्हरकाका जेवले का, हेही विचारा, कारण रात्री सगळ्यांना घरी तेच नेणार असतात. आणि एखादी आजी ‘मी नाही येत’ म्हणाली, तर जवळ बसून विचारा तिला, की परत कसं यायचं याची तर काळजी नाही ना?

वही झाली की मला जरूर कळवा. चौथा रकाना भरायला तुम्हांला किती वेळ लागला, ते मला ऐकायचं आहे.